बिर्जे अण्णांचा डिस्को

आमच्या बिल्डिंगीत कुणाचं काहीही बरंवाईट झालं, की तिसऱ्या मजल्यावरचे बिर्जे अण्णा त्याला बाजू आणि गाणं सांगतात. लिफ्ट बंद पडली आणि सेक्रेटरी मूर्ती म्हणाले, पुढच्या आठवड्यात बघू, की अण्णा जिन्यात उभं राहून मान हलवणार, "बाजू दुसरी, शेवटचं गाणं." कुणी गुपचूप आपली गाडी दुसऱ्याच्या सावलीतल्या जागेवर नेऊन लावली, की "बाजू पहिली, गाणं तिसरं." उन्हाळ्यात पाण्याचा टँकर आला आणि सगळे बादल्या घेऊन धावले, की "बाजू दुसरी, गाणं पहिलं." मी पुण्याहून बेंगळुरात जे. पी. नगरात नवीन राहायला आले, तेव्हा मला वाटलं, माणसाच्या डोक्यावर परिणाम झालाय. माझा अंदाज बरोबर होता. परिणाम डिस्कोचा होता.

अण्णा मूळचे बेळगावकडचे. ऐन तारुण्यात बेंगळुरात एका मोठ्या कारखान्यात लेथ मशीनवर लागले आणि कारखान्याच्या गणपतीत गाऊ लागले. तेव्हा जिकडेतिकडे डिस्कोचं वारं होतं, ते नेमकं अण्णांच्या कानात शिरलं. मग सीमाभागातल्या पाच कामगार मित्रांनी मिळून मराठी डिस्कोची एक अख्खी तबकडी काढली. शब्द अण्णांचे, आवाज अण्णांचा. नाव, 'चाल'.

तबकडी छापणाऱ्या माणसाने म्हणे फार समजावलं, नावात धमाका, तुफान असलं काहीतरी असू द्या. अण्णा ऐकतात होय? "धमाक्याला अर्थ एकच की ओ पुणेकर. फुटला, संपला. चाल म्हटलं की बघा." माझं आडनाव आपटे आहे. हे मी अण्णांना निदान वीस वेळा सांगितलं असेल. "असू दे की, पुण्याचेच न्हवं," म्हणतात आणि पुढे चालू.

तर 'चाल'चे अर्थ. बाजू पहिलीवर पहिलं गाणं बाजारातून येणाऱ्या एका पोरीच्या चालीवर. दुसरं गाण्याच्या चालीवर, म्हणजे चालीलाच चाल लावलेली, त्याचा अण्णांना फार अभिमान. तिसरं बुद्धिबळातल्या चालीवर; त्यात राजकारण, डावपेच, शेजाऱ्यांचे उद्योग, सगळं येतं. तबकडी उलटली की किल्ल्यावर चाल करून जाणारे मावळे, डिस्कोच्या ठेक्यावर, आणि मागे कसलातरी विजेचा बाजा पिंव पिंव करत असतो. मग 'आमच्यात तशी चाल नाही' असं प्रत्येक कडव्याला बजावणारी सासू. शेवटी चालढकल, सरकारी कचेरीवरचं. ते गाणं संपता संपत नाही आणि अण्णांच्या मते तीच त्यातली गंमत आहे. "एवढा सगळा संसार एका शब्दात बसलाय," असं म्हणून ते तबकडी माझ्यापुढे आरशासारखी धरतात.

कव्हरावर पाच मिशाळ तरुण आहेत. सगळ्यांच्या अंगात एकाच कापडाचे चकाकते शर्ट. ते कापड म्हणजे अण्णांच्या घरातला पडदा, आणि त्याच्यावर टिकल्या लावून शर्ट शिवणाऱ्या त्यांच्या पत्नी, शांताक्का. अण्णा तो शर्ट अजून दर गणपतीला घालतात. बटणं लागत नाहीत म्हणून आत बनियन. माणूस सत्तरीच्या घरात आलाय, पण टिकली एक पडलेली नाही. शांताक्कांची शिवण आहे ती.

तबकडी काही खपली नाही. सगळा गठ्ठा दिवाणाखाली गेला आणि तेव्हापासून अण्णा आहेराला दुसरं काही देत नाहीत. बारसं असो, मुंज असो, वास्तुशांत असो, 'चाल'. वाजवायचं यंत्र कुणाच्याच घरी नाही. आमची तबकडी बरीच वर्षं कुंडीखाली होती, पाणी सांडू नये म्हणून. मूर्तींनी तर त्यांच्या तबकडीला काटे बसवून भिंतीवर घड्याळ केलं. मी म्हटलं, आता अण्णा रागावणार. अण्णांनी ते बराच वेळ निरखलं आणि मला हळूच म्हणाले, "निदान फिरतंय तरी."

हे सगळं मी हसत सोसलं असतं. पण रोज सकाळी सात वाजता अण्णा ती तबकडी लावतात. मोठ्याने, खिडक्या उघड्या ठेवून. मी घरून काम करते आणि परदेशातल्या लोकांमुळे माझी पहिली मीटिंग सकाळीच असते. माझ्या एका वरिष्ठांना बिचाऱ्यांना कितीतरी दिवस वाटायचं, की माझ्या घरी रोज लग्न असतं. मूर्ती पूर्वी जिन्यातून ओरडायचे, "अण्णा, स्वल्प सौंड कम्मी माडि!" वरून उत्तर यायचं, "सरी, सरी!" आणि आवाज होता तेवढाच राहायचा.

पुढे निराळंच सुरू झालं. डिस्को हळू व्हायला लागला. आधी आमच्या लक्षात आलं नाही. मग एका वर्षी ती बाजारातून येणारी पोर दमल्यासारखी वाटायला लागली. त्याच्या पुढच्या वर्षी मावळे गड चढता चढता बसायला लागले. अण्णांचा तरुणपणीचा आवाज इतका जाड आणि लांबट झाला, की गायकाला भूल देऊन गायला लावलंय असं वाटावं. शेवटी मूर्तींनीच हात टेकले. आता ते ओरडायचे, "अण्णा, स्वल्प फास्ट माडि!"

बिल्डिंगीला वाटलं, यंत्र म्हातारं झालं. मला मात्र संशय होता. कारण अण्णा अधूनमधून एक पिशवी घेऊन पार शहराबाहेर, आनेकलच्या बसने जायचे, संध्याकाळी खुशीत परत यायचे आणि दुसऱ्या दिवशी डिस्को आणखी हळू. आमच्या भिशीत यावर भरपूर चर्चा झाली. कुणी म्हणालं, जमीन घेतली असेल. कुणी म्हणालं, दुसरा संसार असेल. सत्तरीच्या घरात दुसरा संसार, तोही आनेकलला, बस बदलून! पण भिशीला असल्या अडचणी दिसत नाहीत.

शांताक्का असत्या तर त्यांनाच विचारलं असतं. पण त्या खाली यायच्या बंदच झाल्या होत्या. मी नवीन आले तेव्हा रोज सकाळी फुलवालीकडे जाताना दिसायच्या. बुटक्या, काटक आणि पायांना चाकं लावल्यासारख्या. अण्णा मागून, "अगं थांब की, पळायलीस कुठं," करत यायचे. आता विचारलं की अण्णा म्हणायचे, "तिला वरूनच सगळं दिसतंय. खाली येऊन काय करंल?" आणि विषय बदलून मावळ्यांवर जायचे. आम्हीही मावळ्यांबरोबर जायचो. बेंगळुरात सगळ्यांनाच कुठेतरी पोचायचं असतं.

यंदाच्या गणपतीत कमिटीने ठरवलं, अण्णांचा सत्कार करायचा. कमिटी म्हणजे मी आणि मूर्ती. शाल, श्रीफळ, आणि माझी कल्पना म्हणून एक नवाकोरा स्पीकर. माझ्या नवऱ्याने, नितीनने, कुंडीखालची तबकडी धुऊन घेतली, कुठूनतरी यंत्र पैदा केलं आणि दोन शनिवार-रविवार खपून सगळी गाणी साफ केली. खरखर काढली, मूळ वेगात आणली, अण्णांच्या फोनवर घातली. मांडवात पहिलं गाणं लावलं तेव्हा अंगावर काटा आला हो. इतका तुडतुडीत डिस्को! मूर्ती नाचले. मूर्तींची बायको नाचली. टिकल्यांच्या शर्टातले अण्णा शाल सांभाळत हात जोडून हसत होते. पण हसत होते ते लोकांच्या घरी चहा बेचव निघाल्यावर हसतात तसे, हे माझ्या नजरेतून सुटलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी सात वाजता वर नवा स्पीकर लागला. खणखणीत. मी नितीनला म्हटलं, बघ, कष्टाचं चीज झालं. जेमतेम एक कडवं झालं असेल, नसेल, गाणं बंद. थोड्या वेळाने तीच जुनी तबकडी, तोच भूल दिलेला गायक.

आता मी रागवायचं नाही तर कुणी? दोन शनिवार-रविवार घरातला गिझर दुरुस्त झाला नव्हता यापायी. अण्णांकडून प्रसादाला आलेल्या बेळगावी कुंद्याचा डबा परत द्यायचाच होता. रिकामा डबा द्यायची आमच्यातही चाल नाही, म्हणून त्यात चार मोदक टाकले आणि तणतणत वर गेले. दार नुसतं लोटलेलं होतं.

आत सगळं सामान भिंतींना लावलेलं. मधे मोकळी जमीन, स्वयंपाकघराच्या दारापासून थेट बाल्कनीपर्यंत. त्या दारात शांताक्का उभ्या होत्या. एक पाय उंबऱ्याशी असा रुतलेला, की जणू जमिनीनेच धरून ठेवलाय. आणि त्यांच्यासमोर, त्यांचे दोन्ही हात हातात घेऊन, लुंगी-बनियनवर बिर्जे अण्णा डिस्को करत होते. खांदे उडवत, कंबर हलवत, पाठीमागे पाठीमागे सरकत. ठेका पडला, शांताक्कांचा पाय सुटला. पुन्हा ठेका, दुसरा पाय. मी डबा घेऊन तिथेच थिजले. ते दोघं बाल्कनीपर्यंत पोचले, अण्णांनी त्यांना खुर्चीत बसवलं आणि मग माझ्याकडे पाहिलं.

"बघितलासा?" अण्णा म्हणाले. "पाय चिकटतोय तिचा. डोक्यातनं निघालेला हुकूम पायापर्यंत पोचत न्हाई म्हणतात. डॉक्टर म्हणाले, ठेक्यावर चालवा, सुटंल. पहिला भजन लावलो. तर ही हात जोडून खालीच बसती."

"देवाचं लावल्यावर नाचू व्हय?" शांताक्का खुर्चीतून म्हणाल्या. आवाज बारीक झाला होता, धार होती तशीच होती.

"मग डिस्को लावलो. तर पळाली की ओ."

"मग कुणाला सांगितलंत का नाही इतकी वर्षं?" मी विचारलं.

अण्णांनी शांताक्कांकडे पाहिलं. शांताक्काच म्हणाल्या, "मीच नको म्हटलं. सगळी बिल्डिंग मला पळताना बघितलीय. तेवढंच बघू देत."

तबकडीच्या यंत्राशेजारी खिडकीत पितळेच्या छोट्या छोट्या पुल्या ओळीने मांडलेल्या होत्या, वाण्याकडच्या वजनांसारख्या, मोठीपासून बारीकपर्यंत. अण्णांनी एक उचलून दाखवली. मोटरीवर बारीक पुली बसवली की तबकडी हळू फिरते. शांताक्कांचं पाऊल आखडायला लागलं, की अण्णा आनेकलला जुन्या सोबत्याच्या वर्कशॉपमध्ये जायचे आणि स्वतः लेथवर उभं राहून आणखी बारीक पुली काढून आणायचे. त्या ओळीकडे पाहिलं आणि माझा सगळा राग कुठल्या कुठे गेला. आमच्या भिशीतला दुसरा संसार हा होता.

"तुमचं मशीन झकास हाय," अण्णा अगदी अजिजीने म्हणाले. "पण लई पळतंय ओ. सकाळी तिला झेपलं न्हाई, पडता पडता धरलो. राग मानू नका." मग आवाज खाली आणून म्हणाले, "आणि ही शेवटची पुली. हिच्यापेक्षा बारीक केली तर पट्टा घसरतोय. तीन वेळा करून बघितलो. तेवढं काय करायचं, कळेना झालंय."

मी त्यांचा फोन मागून घेतला. म्हटलं, अण्णा, ह्यात वेग कमी करता येतो. त्यांना पटेना. मी फोनच्या पडद्यावरची वेगाची खूण बोटाने थोडी मागे ओढली आणि नवा स्पीकर लावला. गाणं हळू झालं, बरोबर त्या शेवटच्या पुलीइतकं. पण आवाज जाड झाला नाही. आवाज तसाच, पंचविशीतल्या अण्णांचा, किनरा, उतावळा, फक्त सावकाश.

शांताक्कांनी मान वर केली. "हे तुम्ही?"

"मीच की."

"किती वर्षं रेड्यागत गायलासा," त्या म्हणाल्या आणि उठायला हात पुढे केला. पहिल्या ठेक्याला पाय सुटला. अण्णा पुन्हा उलटे सरकू लागले, खांदे उडवत, आणि ती बाजारातून येणारी पोर बाल्कनीतून स्वयंपाकघराकडे निघाली.

त्या आत पाणी प्यायला टेकल्यावर अण्णा माझ्याजवळ आले. आत ऐकू जाणार नाही अशा बेताने म्हणाले, "हे सगळ्यात हळू किती होतंय?"

मी ती खूण पार टोकाला नेऊन दाखवली. गाणं जवळजवळ थांबलंच. एक ठेका पडायचा आणि दुसरा येईपर्यंत श्वास घेऊन व्हायचा. अण्णा कान देऊन ऐकत राहिले. मग त्यांनी खिडकीतल्या पुल्यांकडे पाहिलं आणि मान डोलावली.

"बास झालं. हे कसं करायचं तेवढं शिकवून ठेवा पुणेकर. आत्ता लागत न्हाई. पुढं लागंल."

मी शिकवलं. दोनदा शिकवावं लागलं, कारण पहिल्या वेळी मलाच पडद्यावरचं काही दिसत नव्हतं.