सासूबाईंसकट निघालेलं घर

किमसानला कुणी त्याच्या गावाबद्दल विचारलं, की तो छाती पुढे काढून सांगायचा, "डोळे बांधून सोडा मला तळ्यात, बरोब्बर आमच्या दारात होडी नेऊन लावीन." गाइडचा धंदाच असा, की थोडी बढाई मारल्याशिवाय पोट भरत नाही. आणि पाहुण्यांपुढे मारलेली बढाई संध्याकाळी पाहुण्यांबरोबर परत जाते, तिचं पुढे काही होत नाही. किमसानची चूक एवढीच झाली, की ती त्याने सारेत मावशीपुढे मारली. सारेत मावशी कुठेच जाणारी नव्हती.

तोनले साप तळ्याच्या काठावर, भाताच्या शेतांना लागून, मावशीचा तांदळाच्या शेवयांचा मांडव होता. किमसानची सहल रोज ठरलेली असे: सकाळी बैलगाडी, मग मावशीच्या मांडवात शेवया आणि दुपारी तळ्यावरचं तरंगतं गाव, म्हणजे त्याचं स्वतःचंच. पाहुणे शेवयांच्या साच्याच्या लांब दांड्यावर बसून वरखाली होत, हसत, फोटो काढत. तेवढ्या वेळात किमसान मावशीच्या मुलीला, थावीला, केळफूल सोलायला मदत करी. दोन हंगामांत त्याने इतकी केळफुलं सोलली, की त्याची बोटं चिकाने कायमची काळी झाली. शेवटी मावशीनेच लग्नाचा विषय काढला, कारण ती बोटं साऱ्या गावाला दिसत होती.

"मुलगा तू बरा आहेस," मावशी म्हणाली. "पण रीतीप्रमाणे जावयाने मुलीच्या घरी येऊन राहायचं असतं."

"मावशी, मी एकुलता एक. आई सोडायला तयार नाही. थावीच तिकडे आली तर?"

"कुठे? पाण्यात?"

"पाण्यात नाही हो, पाण्यावर. चांगलं निळं घर आहे."

"अरे, पाण्यावरची माणसं आज इथे, उद्या तिथे. मला लेकीला भेटावंसं वाटलं तर काय बगळ्यांना पत्ता विचारत फिरू?"

इथे किमसानने थावीकडे पाहिलं. थावी मान खाली घालून केळफूल सोलत होती, पण तिचे हात थांबले होते. माणूस अशा वेळी खरं बोलत नाही.

"आमचं घर हलत नाही, मावशी," तो म्हणाला. "अर्ध्या बुडालेल्या मोठ्या झाडासमोर आहे, माझ्या जन्मापासून. वाटलं तर येऊन बघा."

"येते की. परवाच येते."

हलत नाही म्हणे! पाणी चढलं की घर काठाकडे आणायचं, उतरलं की खोल पाण्यात न्यायचं, यातच किमसानचा जन्म गेला होता. पण पाणी उतरायला अजून अवकाश होता. तेवढ्यात मावशी येऊन, बघून, हो म्हणून जाईल, असा त्याचा हिशेब होता. मधल्या दिवशी सहल नव्हती आणि तो काठावरच मुक्कामाला होता, म्हणून त्याने आईला निरोप धाडला: परवा दुपारी थावीची आई येतेय, बरोबर दोन पाहुणे आहेत, जेवण चांगलं कर.

ठरल्या दिवशी होडीत तिघं जण होते. बेर्नार नावाचे निवृत्त मास्तर, त्यांची बायको आणि मधोमध छत्री उघडून बसलेली सारेत मावशी. मावशीने ठेवणीतला रेशमी सांपोत नेसला होता आणि मांडीवर विहिणीसाठी शेवयांचं टोपलं घेतलं होतं. किमसान स्वतःच होडी हाकत होता. वाटेत त्याने मासे सांगितले, पक्षी सांगितले, आणि वळणावर आल्यावर हात लांब करून म्हणाला, "हे आमचं झाड, आणि हे समोर आमचं..."

झाड होतं. समोर पाणी होतं.

निळं घर नव्हतं. डावीकडचं दुकान नव्हतं. उजवीकडची डुकरांची खोपी नव्हती. साऱ्या आळीतलं एकच हिरवं घर उरलं होतं. ते बोरेय काकांचं.

"कुठलं?" मावशीने छत्री मागे केली.

किमसानने खिशातला फोन काढून आईला लावला. बंद. त्याने पुन्हा समोर पाहिलं. हिरव्या घराचं दार नेहमीप्रमाणे उघडं होतं आणि आत कुणी दिसत नव्हतं.

"हेच," तो म्हणाला.

"निळं म्हणाला होतास."

"नवा रंग दिला. तुम्ही येणार म्हणून."

एकदा असं बोलून गेल्यावर मागे फिरायला जागा राहत नाही. आई बाजारात गेलीय, असं सांगून त्याने तिघांना आत बसवलं आणि स्वतः बोरेय काकांच्या चुलीशी बसला. काकांच्याच पिंजऱ्यातले मासे काढले, काकांचाच तांदूळ धुतला, काकूंच्या बरणीतलं आंबवलेल्या माशांचं प्रहोक परतलं. मीठ सापडेना, तेव्हा त्याने पाच डबे उघडले.

"स्वतःच्या घरात मीठ माहीत नाही?" मावशीने विचारलं.

"आई सारखी जागा बदलते."

"आणि हे कोण?" भिंतीवर लग्नाचा फोटो होता. बोरेय काका तरुणपणी पैलवान होते, आणि फोटोत ते अख्खी चौकट भरून उभे होते.

"बाबा."

मावशीने फोटोकडे पाहिलं, मग काडीसारख्या किमसानकडे पाहिलं. "आईवर गेलास म्हणजे," ती म्हणाली.

जेवण मात्र झकास झालं. मावशीने दुसऱ्यांदा भात घेतला, आणि किमसानला वाटलं, जमतंय. जेवल्यावर तिला पेंग आली. तिने खांबांना बांधलेल्या झोळीत अंग टाकलं आणि सांगितलं, "पाहुण्यांना फिरवून आण. तुझी आई आली की मला उठव." किमसानने सुटकेचा निःश्वास टाकला. पाहुण्यांना मगरींचे पिंजरे दाखवायचे आणि तेवढ्यात आईबापांना शोधून, हातापाया पडून, या घरात आणून बसवायचं, असा त्याचा बेत होता.

मगरी बेर्नार मास्तरांना इतक्या आवडल्या, की ते हलेनात. प्रत्येक मगरीचं वय विचारून झालं. गाव कुठे हललंय, हे विचारायला किमसानला जेमतेम सवड मिळाली. "विहाराच्या मागे," मगरवाली म्हणाली. "काल सगळी आळी गेली. बोरेयचंच तेवढं राहिलंय, तेही आज नेणार आहेत."

"आज म्हणजे कधी?"

"आत्ता दुपारीच. तुझेच बाबा गेलेत ना ओढायला."

किमसानने होडी अशी पळवली, की बेर्नार बाईंची टोपी मगरींपाशीच राहिली. झाड दिसलं. झाडासमोर पाणी दिसलं. फक्त पाणी.

माणसाचं एखादं घर हरवतं. किमसानची एका दिवसात दोन हरवली, आणि दुसऱ्यात सासू होती.

"तुमच्याकडे घरं फार जातात बुवा," बेर्नार मास्तर म्हणाले.

तिकडे काय झालं ते सांगितलं पाहिजे. किमसानचे बाबा तीस वर्षं इंजिनाच्या होडीवर बसलेले, त्यामुळे इंजिनाखेरीज त्यांना काही ऐकू येत नसे. बोरेय काका-काकू पुढे जागा धरायला गेलेली. घर रिकामं आहे, हे त्यांना माहीतच होतं. त्यांनी खालच्या बांबूंना दोर बांधला, इंजिन सुरू केलं आणि निघाले. आतमध्ये सारेत मावशीला जाग आली ती झोळी आपोआप झुलायला लागली म्हणून. तिने दारातून पाहिलं, तर झाड मागे चाललेलं. आधी तिने हाका मारल्या. मग छत्री हलवली. मग, पुढच्या होडीतला माणूस आपल्याला पळवून नेतोय, अशी खात्री पटल्यावर, तिने टोपल्यातल्या शेवयांचा एक ओला गुंडा उचलून नेम धरला. तो बाबांच्या मानेवर बसला. बाबांनी मागे पाहिलं. रेशमी सांपोतातली एक अनोळखी बाई बोरेयच्या दारात उभी राहून दुसरा गुंडा उचलत होती. काकांच्या सासूबाई आल्या असाव्यात, असं समजून बाबांनी आदराने हात जोडले आणि इंजिनाचा वेग वाढवला.

किमसान विहाराच्या मागे पोचला, तेव्हा सगळी आळी पुन्हा ओळीने उभी होती. दुकान, खोपी, निळं घर, आणि त्याला खेटून नुकतंच बांधलेलं हिरवं. निळ्या घराच्या ओट्यावर त्याची आई आणि सारेत मावशी समोरासमोर बसल्या होत्या. मधे दोघींपुरतं वाढलेलं ताट होतं. कोपऱ्यात बाबा मानेवरच्या शेवया काढत होते. किमसान होडीतच उभा राहिला. त्याला थावीचे थांबलेले हात आठवले.

"ये," मावशी म्हणाली. "ये, हिरव्या घरच्या मुला."

"अरे, पाणी या वर्षी लवकर ओसरलं," आई म्हणाली. "शिवाय म्हटलं, ताईंना लांब नको, विहारापाशी बरं पडेल, म्हणून मीच सगळ्यांच्या मागे लागले. तुला सांगणार होते, पण फोन पाण्यात पडला. तांदळात घालून ठेवलाय."

"मावशी, मी खोटं बोललो," किमसान म्हणाला. "आमचं घर हलतं. दर वर्षी हलतं, कधी चारदा हलतं. मला थावी हवी होती म्हणून बोललो."

"ते कळलं मला. घरासकट कळलं."

आईने ताट पुढे सरकवलं, ते कुणी घेतलं नाही.

"माझ्या दारावरून सडक गेली ना," मावशी शेवटी म्हणाली, "तेव्हा माझं घर होतं तिथंच राहिलं. पण शेजार उठला. चाळीस वर्षांची माणसं कुठे कुठे गेली, आज कुणाच्या दारी मीठ मागायची सोय नाही. आणि आज मी ओरडत होते, घाबरले होते, इथे आले तर ताई सांगतात, दुकान डावीकडे होतं तसंच, डुकरं उजवीकडे होती तशीच, त्या बोरेयच्या बायकोने तर, तिच्या घरातून मी निघाले तरी, आधी पाणी दिलं आणि मग विचारलं, कोण तुम्ही. घर हलतं खरं तुमचं. माणसं हलत नाहीत."

किमसानच्या आईने डोळे पुसले. बाबांना ऐकू आलं नव्हतं, पण बायको रडतेय म्हणून त्यांनीही नाक ओढलं.

"म्हणजे थावी येईल इथे?" किमसानने विचारलं.

"छट," मावशी म्हणाली. "रीत ती रीत. जावयाने मुलीच्या घरी राहायचं."

आईचा चेहरा उतरला. "मग माझा मुलगा..."

"ताई, पावसाळ्यात तळ्याचं पाणी माझ्या मांडवाच्या मागे येतं. तुमचं घर काही जमिनीत पुरलेलं नाही. आणा ओढून आणि बांधा माझ्या खांबाला. पाणी उतरलं की न्या परत, थावीसकट. सहा महिने तुमची रीत, सहा महिने माझी."

आईने बाबांकडे पाहिलं. बाबांना काय चाललंय ते कळलं नव्हतं, पण घर ओढायचंय एवढं हातवाऱ्यांवरून समजलं, आणि ते आनंदाने दोर आणायला उठले.

लग्न झालं. पावसाळ्यात निळं घर शेवयांच्या मांडवामागे येऊन उभं राहिलं, आणि दोन्ही आयांची खिडकीला खिडकी लागली. आता किमसान पाहुण्यांना घरी नेतो खरा, पण दारात होडी लावायच्या बढाया मारत नाही. वळणावर आला की आधी मान उंच करून बघतो. दोघी बोलत असल्या, तर घर मांडवाच्या खांबाला असतं. सकाळी प्रहोकात मीठ किती यावरून जुंपली असली, तर त्याच्या आईने दोर सोडलेला असतो आणि घर पाण्याखालच्या शेताच्या पार पलीकडच्या टोकाला गेलेलं असतं.

पाहुणे विचारतात, आज पाणी चढलं का?

"हो," किमसान म्हणतो, आणि वल्हं उचलतो.