साडेनऊ बोटं

बापू चौगुले भेटला की नमस्कार करत नाही. हाय-हॅलोही नाही. "बोटं बघू," म्हणतो. मग आपण दोन्ही हात वर करून दहा बोटं हलवायची, त्यानं ती नजरेनं मोजायची आणि त्यानंतरच बोलणं सुरू. कॅनडातल्या किचनर गावी, आमच्या रस्त्यावर पोस्टमनसुद्धा पत्रं काखेत धरून बोटं दाखवतो. महाराष्ट्र मंडळातल्या बायका तर मेंदीचे हात दाखवल्यासारखी कौतुकानं दाखवतात. मी दाखवत नाही. बापू दिसला की मी हात खिशात घालतो. आणि गंमत म्हणजे लोकांची बोटं मोजणाऱ्या या माणसाची स्वतःची साडेनऊच आहेत. डाव्या हाताची करंगळी अर्धी आहे.

मला बापूचा हेवा वाटतो, हे आधीच सांगून टाकतो. चौतीस वर्षं मी या प्रांतातले पूल तपासले. माझ्या सहीचा एकही पूल पडला नाही. पण पूल पडला नाही म्हणून कुणी टाळ्या वाजवत नाही. बापू मात्र मोटरसायकलच्या शर्यतीत तीन वेळा कुंपण तोडून बाहेर गेला आणि त्या तिन्हींचे फोटो मंडळाच्या हॉलमध्ये लावलेत.

तो मूळचा कोल्हापूरचा टर्नर. सत्तरच्या दशकात इथल्या एका कारखान्यात लेथवर लागला. तिथल्या एका इंग्रज मित्रानं त्याला नायगाराच्या बाजूला, शेतांच्या मधोमध असलेल्या स्पीडवेच्या ट्रॅकवर नेलं. लांबट गोल मैदान, वर सैल माती, चार मोटरसायकली, चार फेऱ्या. वळायचं फक्त डावीकडे, तेही मागचं चाक घसरवत. आणि गाडीला ब्रेक नाही. का नाही, असं मी एकदा इंजिनीअर या नात्यानं विचारलं. बापू म्हणाला, "असला की माणूस दाबतोय." बारा वर्षं त्यानं असली गाडी चालवली, मग टीमचा मॅनेजर झाला. आज शहात्तर वर्षांचा आहे आणि अजून मॅनेजरच आहे.

आयुष्यभर डावीकडे वळल्याचा परिणाम त्याच्यावर झालेला आहे. मंडळाच्या गणपतीला तो प्रदक्षिणा उलटी घालतो. दरवर्षी. एकदा मी आरतीचं तबक घेऊन सरळ दिशेनं येत होतो आणि मखराच्या मागे आमची टक्कर झाली. तबक त्यानं हवेतल्या हवेत झेललं. निरांजनही विझलं नाही. लोक टाळ्या वाजवायला लागले आणि माझ्या झब्ब्याला लागलेलं कुंकू कुणाच्या लक्षातही आलं नाही. त्याच हॉलमध्ये मी 'पूल आणि आपण' या विषयावर भाषण दिलं होतं, तेव्हा अकरा माणसं होती. त्यातली दोन चहाची तयारी करत होती.

तरीही मी सहन करत होतो. पण गेल्या उन्हाळ्यात बापूनं माझ्या बायकोला टीममध्ये घेतलं.

शुभांगी गणिताची शिक्षिका होती. टीमचे गुण लिहिणारा माणूस विनिपेगला मुलाकडे राहायला गेला आणि बापू आमच्या दारात येऊन तिची बोटं मोजून म्हणाला, "वहिनी, आकडे तुमच्याइतके नीट कोण लिहिणार?" झालं. दर शनिवारी बाई ट्रॅकवर. पहिल्याला तीन, दुसऱ्याला दोन, तिसऱ्याला एक, चौथ्याला भोपळा, हे मला जेवताना समजावून सांगायला लागली. चाळीस वर्षांत तिनं माझ्या एकाही पुलाचं नाव विचारलं नव्हतं. आता कुठला रायडर कुठल्या वळणावर घाबरतो, हे तिला तोंडपाठ.

मी जळत होतो. शनिवारी एकटा बसून गार पोळी खाताना तर फार. शेवटी सप्टेंबरात ठरवलं की आपणही जायचं, काय चालतं ते डोळ्यांनी बघायचं आणि तिथंच तिला स्वच्छ सांगायचं, पुढच्या शनिवारपासून घरी.

निघतानाच अपमान झाला. बापूची जुनी लांबलचक गाडी. मी पुढचं दार उघडायला गेलो तर तो म्हणाला, "कुलकर्णी, मागं बसा. फुडच्या सीटचा बेल्ट खराब हाय." मागे शुभांगी आधीच बसली होती. दीड तास आम्ही दोघं मागे, बापू पुढे एकटा, आणि शेजारची सीट मोकळी. त्या सीटवर बापूच्या बायकोचं, शालनवहिनींचं विणकाम अजून ठेवलेलं होतं. वहिनी फार शांत बाई. शनिवारी लोकर घेऊन त्याच्याबरोबर जायच्या. त्यांना जाऊन चार वर्षं झाली.

ट्रॅकवर तर बापूचं राज्य. त्याच्या टीममध्ये एक छपरं घालणारा, एक ट्रकवाला, एक नर्स आणि एक शाळेतला मास्तर. रेस संपली की प्रत्येकानं आधी बापूकडे यायचं. "ग्लव्हज ऑफ," बापू म्हणायचा. तो सहा फुटी छपरवाला निमूटपणे हातमोजे काढून बोटं हलवायचा आणि म्हणायचा, "टेन, बापू." मग बापू त्याच्या पाठीवर थाप मारायचा. हरला की जिंकला, हे त्यानंतर. शुभांगी टेबलाशी बसून आकडे लिहीत होती आणि दर रेसनंतर तिच्या चेहऱ्यावर जो आनंद दिसत होता तो मी घरी बऱ्याच दिवसांत पाहिला नव्हता. कुंपणापाशी उभं राहून मी तिच्याकडे बघत होतो, तेवढ्यात चार गाड्या वळणावर आल्या आणि ओंजळभर चिखल माझ्या तोंडावर उडाला. ती हसली. बापूही हसला.

मी तडक गाडीकडे गेलो. बापूनं ती ट्रॅककडे पाठ करून उभी केली होती. मुद्दाम पुढचं दार उघडलं, विणकाम मागच्या सीटवर ठेवलं आणि बसलो. बेल्ट ओढून पाहिला. लख्ख चालू होता. म्हणजे मला पुढे बसवायचं नव्हतं, एवढंच. मी इतका चिडलो की काचेवर वाफ धरली.

मागे रेस संपल्याचा आवाज आला. थोड्या वेळानं काचेवर टकटक झाली. वाफेपलीकडे बापू उभा होता. त्यानं दोन्ही हात वर केले आणि बोटं हलवली. जगभराची बोटं मोजणारा बापू स्वतःची बोटं दाखवत होता. मी काच खाली केली तेव्हा त्याचे हात वरच राहिले.

"तुम्ही हाय व्हय," तो म्हणाला.

बेल्ट चांगला आहे, असं काहीतरी मी पुटपुटलो. त्यानं मान हलवली.

"शालन बसायची इथं. ट्रॅककडं पाठ करून. एक रेस बघितली न्हाई तिनं कधी. चेनमध्ये करंगळी गेली तवापासून रेस झाली की येऊन बोटं दाखवायची, असा करार. मोजायची आन् म्हणायची, साडेनऊ, जावा आता. एकदा हात मोडला, पाचच दाखवता आली. त्या दिवशी जावा म्हणाली न्हाई. मग मॅनेजर झालो."

"आणि मॅनेजरला काय होणार?"

"काय बी न्हाई. तरी येत हुतो. पायांना सवय हाय." मग तो परत गेला, कारण शेवटच्या रेसला कोण उतरणार ते त्याला ठरवायचं होतं.

मी शुभांगीच्या टेबलापाशी गेलो आणि तिला सांगितलं. तिनं कागदावरून मान वर केली नाही. "मला ठाऊक आहे," ती म्हणाली. "म्हणून तर मी मागे बसते. अहो, तुम्ही कधी विचारलंत का? नुसते फुगून बसलात."

चाळीस वर्षांत मी तरी तिला शाळेबद्दल कितीसं विचारलं होतं? तिला घरी चल म्हणायला आलो होतो, ते तोंडातच राहिलं. मला बापूचा पुन्हा हेवा वाटला, पण आता तो फोटोंचा नव्हता. मी पूल तपासून घरी यायचो तेव्हा माझं सगळं जागच्या जागी आहे, हे सगळ्यांनीच धरून चाललेलं असायचं. मीसुद्धा.

शेवटची रेस सुरू व्हायच्या आत मी परत गाडीत जाऊन बसलो. पुढे. विणकाम मांडीवर घेतलं, कारण दुसरीकडे ठेवणं बरं वाटेना. मागे गाड्या ओरडत होत्या. वळून बघावंसं फार वाटलं, पण पाहिलं नाही. मग सगळं शांत झालं आणि गवतावरून येणारी पावलं ऐकू आली. मी बाहीनं काच पुसून ठेवली होती. मी आत आहे हे बापूला दिसलं. तो क्षणभर थांबला, मग त्यानं हळूहळू दोन्ही हात वर केले.

मी एकेक करून मोजली. काच खाली केली आणि सवयीनं हात खिशात घातले.

"साडेनऊ," मी म्हणालो. "जावा आता."

त्यानं हात खाली घेतले नाहीत. "तुमची बघू," तो म्हणाला.

मी खिशातून हात बाहेर काढले.