जाते म्हणू नये

या, असे पुढे सरका. भिंतीला टेकून बसलेल्यांनीही जवळ यावं. डुलकी लागली तर शेजाऱ्याचा खांदा आहेच, पण कान मात्र इकडे असू द्या. काळ कुणासाठी थांबत नाही, असं आपण जन्मभर ऐकतो. देवाच्या कृपेने तो एकदा थांबला होता. कुठे? एका घराच्या मागच्या खोलीत, मोडक्या फ्रीजमध्ये. त्याचीच ही गोष्ट.

त्या घरातले जावईबापू रेडिओ आणि पंखे दुरुस्त करत. माणूस देवगुणी, पण हात स्वस्थ बसतील तर शपथ. माणसाचा निम्मा जन्म वाट बघण्यात जातो, याचं त्यांना भारी दुःख. म्हणून त्यांनी फ्रीजच्या दाराला काच बसवली, आत स्टूल ठेवलं आणि थांबपेटी तयार केली. आत बसेल तो काळाच्या बाहेर. ना कंटाळा, ना भूक, ना गुडघेदुखी. पेटी आवाजावर चालायची. ‘जाते’ म्हटलं की बंद, ‘येते’ म्हटलं की उघडी. शब्द बायकी, कारण पहिला प्रयोग मांजरीवर झाला होता. शिवाय कुणी टवाळाने मध्येच उघडू नये म्हणून, ज्या आवाजाने बंद झाली त्याच आवाजाने ती उघडायची. मांजर गेली, मांजर आली आणि मिशा पुसत दुधाला लागली. जावईबापूंना आकाश ठेंगणं झालं.

त्या दिवशी बायकोची मावशी आपल्या गावी परत निघाली होती. आई गेल्यावर भाचीला तिनेच तळहाताच्या फोडासारखं जपलं. तिने आता इथेच राहावं, असं भाचीच्या फार मनात. पण भाची तोंडाने म्हणे ना आणि मावशी आपणहून राहे ना. दोघी एकाच मातीच्या. चिडल्या की आवाजही एकच. आपल्याला कोण रागावतंय हे जावईबापूंना शेजारच्या खोलीतून कधीच ओळखता येत नसे.

बस उशिरा येणार असल्याचं कळलं आणि मावशीचे गुडघे बोलू लागले.

“मावशी, ह्यात बसा,” जावईबापू म्हणाले. “बस आली की उघडतो. वाट बघितल्याचं कळायचंसुद्धा नाही तुम्हाला.”

“थंडी नाही ना वाजायची?”

“छे हो, फ्रीज नुसता दिसायला. तुम्ही बसा, मी बटण दाबून पेटी चालू करतो आणि म्हणतो, ‘मावशी जाते’. की झालं!”

स्टुलावर टेकलेली मावशी ताडकन उठली. “जिभेला काही हाड? ह्या वयात माझ्या तोंडावर ‘मावशी जाते’?”

“अहो, नुसता शब्द आहे तो.”

“नुसत्या शब्दांवरच जग चाललंय, जावईबापू! घरातून निघताना ‘येते’ म्हणावं. ‘जाते’ कोण म्हणते? जिला परत यायचं नसतं, ती.”

“बदला ना हो शब्द,” भाची म्हणाली. “तिचं काय चुकलं?”

जावईबापूंनी दोन वायरींची अदलाबदल केली. आता ‘येते’ला बंद, ‘जाते’ला उघडी. मावशी समाधानाने बसली. त्यांनी बटण दाबलं, घसा खाकरला. पण ज्याने निघायचं त्यानेच निरोप घ्यायचा, ही मावशीची रीत. तिने बोट उंचावलं आणि म्हणाली, “बरंय, येते हं...”

धप्प! दार लागलं. काचेमागे मावशी तशीच. बोट वर, तोंड उघडं, ‘हं’ अर्धवट.

“बघितलंस?” जावईबापू फुशारले. “आता उघडून दाखवतो. जाते!”

पेटी ढिम्म. “जाते! जाते!” काही नाही. मग त्यांच्या डोक्यात प्रकाश पडला आणि चेहऱ्यावरचा गेला. पेटी मावशीच्या आवाजाने बंद झाली होती. आणि तो आवाज तर पेटीत होता.

“प्लग काढा!”

“नको गं! मावशी कुठल्या काळात जाऊन पडतील, देव जाणे!”

त्यांनी नाक दाबून मावशीचा आवाज काढला. “जाऽऽते!” तो ऐकून शेजारीण धावत आली.

“कोण जातंय हो?”

“मावशी!” जावईबापू कळवळून म्हणाले.

“अगं बाई! आत्ता तर धडधाकट होती!” तिने पदर डोळ्यांना लावला आणि गल्लीत बातमी सांगायला गेली. तेवढ्यात समोरच्या थांब्यावर बस आली, भोंगा वाजवून निघूनही गेली. दारात लोक हळहळत जमू लागले.

भाचीचा बांध फुटला. “एक मावशी होती मला, तीही तुम्ही डब्यात घातलीत! राहा राहा म्हणायचं होतं, तेही राहिलं. सांभाळा तुमची पेटी. ह्या घरात मी क्षणभर राहायची नाही. मी जाते!”

खट्! दार उघडलं. शब्द अजून खोलीत घुमत होता.

“...हं,” मावशी म्हणाली आणि बाहेर आली. दारातली गर्दी दोन पावलं मागे सरली.

आत चटकाबिटका तर बसला नाही ना, हे बघायला जावईबापू पान्हा घेऊन लगबगीने पेटीत शिरले. इकडे मावशीने भाचीला धरलं. “काय कानावर आलं माझ्या? ‘जाते’? हेच शिकवलं मी तुला? निघताना काय म्हणावं? म्हण आधी!”

लहानपणापासूनचा धाक तो. भाची रडता रडता म्हणाली, “येते.”

धप्प!

काचेमागे जावईबापू, हातात पान्हा, भुवया कपाळात.

“अगं, हे कसे बाहेर यायचे?”

“मला तो मघाचा शब्द म्हणावा लागेल.”

“खबरदार! ह्या घरात तो शब्द पुन्हा नाही.”

“मावशी, बसही गेली. तुला एक म्हणायचं होतं, तेही राहिलं.”

“जाऊ दे. काय म्हणायचं राहिलं तुझं?”

“राहा,” भाची म्हणाली.

मावशीने पदराने तिचे डोळे पुसले. “मग रडतेस काय? चहा टाक. दोघींचाच टाक, त्यांचा गार होईल.”

तर मंडळी, ज्या दारात ‘येतो’ म्हणून तुम्ही पाठ फिरवलीत, तिथे कुणी अजून काळ थांबवून बसलं असेल. त्याची आठवण ठेवा. आणि त्या घरावरून कधी निघालात, तर आत डोकावून जावईबापूंचीही तेवढी आठवण करून द्या. दोघींच्या गप्पा अजून संपलेल्या नाहीत.