मरायला दम लागतो

आमच्या मालाडच्या सोसायटीतला दत्ता घाग आतापर्यंत एकवीस वेळा मेलाय, आणि दर वेळी आख्ख्या मजल्याला बोलावून ते टीव्हीवर दाखवतो.

दत्ता मूळचा कबड्डीपटू. दहा वर्षं पगारी खेळला. एका दमात लांबलचक चढाई करण्यात त्याचा हात कुणी धरत नसे. मग गुडघा गेला आणि कुणीतरी त्याला मालिकेच्या सेटवर नेलं. तिथे रडारड लांबली की प्रेतांची पोटं हलायची. दत्ताचं हललं नाही. तेव्हापासून मालिकेत कुणी दगावलं की याला फोन येतो.

"मरायला दम लागतो भाय," हे त्याचं पालुपद. सराव जिन्याजवळच्या पॅसेजमध्ये, कारण घरात पंख्याने केस उडतात. एकदा शेजारच्या सातपुतेकाकूंनी त्याच्या नाकाशी बोट धरलं आणि धावत जाऊन गंगाजल आणलं. ते तोंडात पडल्यावर हा उठून बसला. "काकू, अजून वीस सेकंद होती ना," म्हणाला. वर नाराज.

त्याची इच्छा एकच होती, कॅमेऱ्यासमोर बोलायची. शेवटी डायरेक्टरने शब्द दिला: "तुझ्यामुळे आजवर रीटेक झालेला नाही. हेही मरण एका टेकमध्ये दे, पुढच्या वेळी इन्स्पेक्टर करतो." मी मुद्दाम रजा टाकून शूटिंगला गेलो.

दत्ता चादरीखाली निपचित. मालिकेतली त्याची आई झालेल्या बाई जुन्या, रंगभूमीवरच्या. लिहिलेलं सगळं रडून झाल्यावर त्यांनी आपल्या मनानेच त्याच्या केसांतून हात फिरवला आणि हळूच म्हणाल्या, "ऊठ रे बाळा, उजाडलं."

"उठलो गं," प्रेत म्हणालं.

सेटवर हसून हसून लोकांची वाट लागली. डायरेक्टर तेवढा हसला नाही. इन्स्पेक्टर दुसऱ्याला मिळाला.

परतताना रिक्षात मी त्याला यथेच्छ झापलं. मालाड आल्यावर तो म्हणाला, "आई असंच उठवायची रे, प्रॅक्टिसला. ती गेली तेव्हा मी मॅचला बाहेरगावी. पोचलो तर सगळं आटपलेलं."

मला माझ्या बडबडीची लाज वाटली. रोल पुन्हा मिळेल, असं काहीतरी पुटपुटलो.

"रोलचं सोड रे," दत्ता म्हणाला. "मी बोललो आणि बाईंनी हात काढून घेतला. गप्प पडलो असतो, तर अजून थोडा वेळ ठेवला असता."