झाकलेलं ताट

पगारे साहेब कुणाच्याही घरात शिरले की माणसांच्या आधी पातेल्याची विचारपूस करायचे. झाकण उचलायचे, वास घ्यायचे आणि मग मागं वळून म्हणायचे, "हं. चाललंय बरं."

साहेब प्रोबेशन ऑफिसर होते. कोर्टानं तुरुंगात न धाडता चांगल्या वागणुकीच्या हमीवर सोडलेल्या माणसांवर लक्ष ठेवायचं, हे त्यांचं काम. ते काम ते श्रीरामपुरात घरोघरी जाऊन करायचे. न सांगता, आणि नेमके जेवणाच्या वेळेला.

त्या माणसांत मीही होतो. वडील वारले ते घरात कामगार चळवळीच्या पत्रकांचे गठ्ठे ठेवून. ती वाचतच मी वाढलो. नागापूरला एका कारखान्याच्या फाटकावर कंत्राटी कामगारांचा मोर्चा होता, त्यात केबिनची काच फुटली. ती मी फोडली, आणि कोर्टात तसं ताठ मानेनं सांगितलं. माणसं कामावरून काढणाऱ्याकडून कुणी हमी घेत नाही, काच फोडणाऱ्याकडून घेतात, हे माझं म्हणणं आजही कायम आहे. कोर्टानं माझं वय बघून वर्षभराच्या बंधपत्रावर सोडलं. आईजवळ राहायचं आणि साहेबांना विचारल्याशिवाय तालुका सोडायचा नाही, अशा अटी.

"म्हणजे सुटलोच की," मी पहिल्याच भेटीत म्हणालो.

"सुटला न्हाई, लेका. शिक्षा खुंटीला टांगलीय. वाकडा वागला की ती खाली यिती." मग आईकडे वळून, "आक्का, अर्धी भाकर द्या बरं. कोर्टाला कागद कळतो, मला कालवण कळतं."

अर्ध्या भाकरीच्या नावानं दोन खायचे. मी चिडायचो. फुकट जेवायची सरकारी युक्ती आहे म्हणायचो. तेही त्यांच्या तोंडावर.

"व्हय," साहेब बोटं चाटत म्हणायचे, "पन त्यात अक्कल हाय. ज्याचं ताट घरात मांडतेत तो मानसात ऱ्हातो. ज्याचं ताट उचललं, त्याला पोलीस पन सांभाळू शकत न्हाई."

एकदा कोपरगावला ऊसतोड कामगारांची सभा होती. परवानगी मागून बोलायचं, हे मला पटेना. गेलो. नेमके त्याच संध्याकाळी साहेब घरी टपकले.

"पोरगं शेजारी गेलंय," आई म्हणाली.

साहेबांनी पातेलं सोडून कोपऱ्यातलं ताट उघडलं. भाकरी, पिठलं, कांदा, वर फडकं. "आक्का, शेजारी गेलेल्याचं ताट कुनी एवढं झाकून ठेवत न्हाई. कुठं गेलाय?"

आई रडायलाच लागली. साहेब त्या दिवशी न जेवता गेले.

मी शेवटच्या एसटीनं परतलो. सकाळी साहेब पुन्हा दारात. माझ्याकडे बघितलंही नाही. मोरीपाशी घासून उपडं घातलेलं माझं ताट तेवढं बघितलं आणि निघाले. त्यांनी अहवाल पाठवला: अट मोडली. कोर्टाचं समन्स आलं. आता मूळ गुन्ह्याची शिक्षा मिळून मी आत जाणार, हे आईनं धरूनच ठेवलं.

मी मात्र न्यायाधीशांपुढं करायचं भाषण पाठ केलं. तोंड उघडणार, तेवढ्यात साहेबांनी माझा पाय दाबला. "भाषन कोपरगावला झालं की. हितं गप ऱ्हा."

न्यायाधीशांनी विचारलं, "अट मोडली?"

पगारे साहेबच बोलले, "मोडली साहेब. विचारायला पायजे हुतं, विचारलं न्हाई. पन रात्री घरी येऊन जेवला. आत घातला तर त्या घरातलं ताट उचललं जाईल. एकदा उचललेलं ताट परत मांडायला लई वर्षं लागतात."

न्यायाधीशांनी पहिलीच चूक म्हणून किरकोळ दंड केला, बंधपत्र चालू ठेवलं आणि पुढच्या वेळी थेट शिक्षा, अशी तंबी दिली. बाहेर आल्यावर मी आभार मानायच्या ऐवजी कायद्यावर टीका केली. साहेब म्हणाले, "घरी चल. भूक लागलीय."

मुदत संपली त्या दिवशीही आले. जेवले. उंबऱ्यात उगाच चपला शोधत राहिले. "आता यायचं कारन न्हाई," म्हणाले.

त्याला बरीच वर्षं झाली. मी आता नगरला असतो. परवा श्रीरामपूरला आलो, तेव्हा आईनं दिलेला मेथीचा डबा घेऊन, न सांगता, नेमक्या जेवणाच्या वेळेला निवृत्त पगारे साहेबांकडे गेलो. वर्षभर ते आमच्याकडे येत होते, मी त्यांचं घर पहिल्यांदाच बघत होतो. साहेब ओट्याशी उभे राहून तव्यावरूनच भाकरी खात होते. ताट नव्हतं. भिंतीवर त्यांच्या बायकोचा फोटो होता, हार जुनाट. त्याखालची तारीख माझ्या खटल्याच्याही आधीची होती.

मी फळीवरून दोन ताटं काढली. धूळ होती, धुतली.

"कुनाला विचारून?" साहेब गुरगुरले.

"तपासणी आहे. बसा."

बसले. मेथी दोनदा घेतली. आक्कांच्या हाताला अजून तीच चव आहे म्हणाले.

मी निघताना ताटं त्यांनी स्वतः घासली. स्वतःचं फळीवर ठेवलं. माझं मोरीपाशी उपडं घातलं, हाताशी लागेल असं, आणि तिथंच राहू दिलं.