मंदामावशीचा टेम्पो

मंदामावशीच्या हातात कुणी बंद वस्तू दिली, तर ती घेण्याआधी म्हणते, "झाकण काढ आधी." मग तो पेढ्यांचा बॉक्स असो की कुरिअरचं पार्सल. माझ्या लग्नात आम्ही तिला आहेराची साडी दिली, तेव्हा भर मांडवात तिनं घडी उलगडून आतला पदर बघितला. मी काही आडवळणानं मागायला गेलो, तरी तेच. "झाकण काढ लेकरा. काय पायजे ते सांग."

मावशी बीडकडची, कासारवाडीत माझी शेजारीण. नवरा गेल्यावर तिनं डबे सुरू केले. चाकणच्या कंपन्यांतली एकटी राहणारी पोरं तिची गिऱ्हाइकं. डबे तिच्या तीनचाकी टेम्पोतून जायचे, टेम्पो बाळू चालवायचा. निघण्याआधी मावशी एकेक डबा उघडून आत डोकावायची. "भाजी पळून गेली का बघताय?" असं बाळू विचारायचा आणि पाठीत धपाटा खायचा.

परतीचा टेम्पो मात्र तिनं कधी तपासला नाही. एका दुपारी बाळूनं ओळखीच्या माणसाची खोकी ढाब्यावर सोडायला घेतली. कोल्ड्रिंक आहे, असं तो माणूस म्हणाला. वाटेत उत्पादन शुल्कवाल्यांनी अडवलं आणि खोक्यांतून दारू निघाली. बाळू कोठडीत गेला, टेम्पो जप्त झाला.

"साऱ्या जगाची झाकणं काढली," मावशी म्हणाली, "आन् घरचंच ऱ्हायलं."

बाळू जामिनावर सुटला, पण इकडे फिरकला नाही. मावशीही त्याचं नाव घेईना. डबे रिक्षानं जाऊ लागले आणि जेवणाची सुट्टी संपल्यावर पोहोचू लागले. निम्मी पोरं दुसरीकडे गेली. मावशी तरीही दुपारी बादली आणि फडकं घेऊन जप्त गाड्यांच्या आवारापाशी जायची. "मावशी, मुद्देमालाला हात लावता येत नाही," पहारेकरी म्हणाला. "मग तुमी पुसा," म्हणून तिनं फडकं त्याच्याच हातात दिलं. पुढे पुढे तो खरंच पुसायला लागला.

टेम्पो सोडवायला मावशीनं एक वकीलबाई गाठल्या. त्यांनी सांगायला घेतलं, "खटला प्रलंबित असताना सुपुर्दनाम्यावर वाहनाचा अंतरिम ताबा..."

"बाई, झाकण काढा."

"खटला संपेपर्यंत गाडी तुम्ही सांभाळायची. कोर्टानं बोलावलं की आणून दाखवायची."

"मग तसं म्हणा की."

तारखेला मी रजा काढून सोबत गेलो. गाडी परत दिली तर पुन्हा याच कामाला वापरली जाईल, असं सरकारी वकील म्हणाले. मालकिणीला काहीच ठाऊक नव्हतं, असं आमच्या बाईंनी मांडलं. मग न्यायाधीशांनी मावशीकडे पाहिलं.

"साहेब," ती म्हणाली, "गाडी तिथं उभी ऱ्हाऊन कुजायली. निकाल लागंल तवा नुसता पत्रा उरंल. तो पत्रा घेऊन कुणाचं काय भलं व्हनार?"

अर्ज मंजूर झाला. अटी वाचून दाखवल्या: गाडी विकायची नाही, रंग बदलायचा नाही, बोलावलं की हजर करायची.

"रंग उनानं आपोआप उडाला तर?" मावशीनं विचारलं. वकीलबाईंनी तिचा पदर ओढला.

"तर आम्ही उन्हाला विचारू," न्यायाधीश म्हणाले, आणि पुढची फाइल ओढली.

टेम्पो घरी आला. आता नवा ड्रायव्हर शोधावा लागणार, असं मी धरून चाललो होतो. सकाळी मावशीनं डबे भरले आणि मलाच चालवायला बसवलं. हायवेला लागल्यावर म्हणाली, "पुनावळ्याला वळव."

तिथल्या एका खोलीपुढे तिनं मला हॉर्न द्यायला लावला. दाढी वाढलेला बाळू दारात आला.

तोच आधी म्हणाला, "मावशी, मला शंका आली होती. खोक्यांतनं बाटल्यांचा आवाज येत होता. पैशाची नड होती, म्हणून मी विचारलं नाही."

"तुझी आई आजारी हाय, हे मला म्हाईत होतं," मावशी म्हणाली. "कसं भागतंय, ते म्या बी कवा इचारलं न्हाई."

मग माझ्याकडे वळली. "तू उतर. तुझी शिफ्ट असंल. बसनं जा."

मी उतरून चावी बाळूच्या हातात दिली. तो डोळे पुसून चढला. मावशी शेजारी अंग चोरून बसली. टेम्पो चाकणच्या दिशेनं निघाला आणि मी रस्त्याकडेला उभा राहून बघत राहिलो. वळण येईपर्यंत ती हातवारे करत त्याला काहीतरी सांगत होती. बहुधा, सावकाश चालव म्हणून.