सुरकुतलेल्यांचं कुळ

आमच्या सोसायटीत चौथ्या मजल्यावर करमळकर काकांकडे तुम्ही पहिल्यांदा गेलात, तर पाण्याचा ग्लास हातात यायच्या आधी तुमची चिठ्ठी होते. नखाएवढा जाड कागदाचा तुकडा, आणि त्यावर भिंगाशिवाय वाचता येणार नाही अशा अक्षरात तुमचं नाव, मूळ गाव आणि तुम्ही कुठे सापडलात ते. हो, 'सापडलात' असंच विचारतात! तीन वर्षांपूर्वी आम्ही दिल्लीतल्या या द्वारकेत राहायला आलो तेव्हा माझीही झाली. 'सौ. शिर्के. सातारा. सापडल्याचं ठिकाण: लिफ्टसमोर.' पुढे मी सोसायटीची सेक्रेटरी झाले, तेव्हा त्यांनी चिठ्ठी पुन्हा बाहेर काढून शेवटी एक शब्द वाढवला. 'सेक्रेटरी?'

त्या प्रश्नचिन्हाने माझं डोकंच फिरलं. "अहो काका, रीतसर निवडून आलेय मी!"

"आला असाल," काका शांतपणे म्हणाले. "मी अजून खात्री केलेली नाही. तूर्तास राहू दे."

काकांचा जन्म एका सरकारी संस्थेत भुंगे ओळखण्यात गेला. समोर आलेला भुंगा कोण, कुठला, कोणाच्या कुळातला, हे ठरवायचं. खात्री नसेल तर नावापुढे प्रश्नचिन्ह टाकायचं, हा त्यांच्या धंद्याचा शिरस्ता. रिटायर होऊन बारा वर्षं झाली तरी माणूस त्यातून बाहेर आलेला नाही. दूध 'तूर्तास ताजं' असतं. तब्येत 'तूर्तास बरी' असते. स्वयंपाकघरातल्या बरण्यांनासुद्धा चिठ्ठ्या आहेत: 'मेतकूट. करोल बाग, कोपऱ्यावरचं दुकान.' एका बरणीवर 'जिरे?' असं आहे. मी वास घेऊन सांगितलं, शहाजिरे आहेत. तर म्हणाले, "ते तुमचं मत झालं."

पण खरा गळ्यातला ताईत म्हणजे एक कुळ. रायसोडिडी. दचकू नका, मीही पहिल्यांदा दचकले होते. भुंग्यांचं एक दुर्मीळ कुळ आहे ते, आणि त्याच्या नावाचा अर्थ आता मी झोपेत उठवलंत तरी सांगेन. ग्रीक भाषेत 'रायसोस' म्हणजे सुरकुतलेलं. सुरकुतल्यासारखा जो दिसतो तो रायसोडेस, आणि त्याचं सगळं भाऊबंदांसकट खटलं म्हणजे रायसोडिडी. भुंगा तांदळाच्या दाण्याएवढा, तपकिरी, पाठीवर उभ्या खाचा, आणि मिशा बारीक मण्यांच्या सरासारख्या. राहतो सडक्या लाकडात.

"पण पोखरत नाही हं, सेक्रेटरीबाई," काका सांगतात. "लाकडाच्या दोन थरांमधून अंग चोरून जातो. तो पुढे सरकला की मागचं लाकूड पुन्हा मिटतं. कुठून गेला, त्याचा मागसुद्धा राहत नाही."

हे सांगताना ते बाल्कनीकडे बघत असतात. तिथे कडुनिंबाचा एक ओंडका त्यांनी कुजत ठेवलाय. रोज सकाळी त्याला पाणी घालतात आणि हिवाळ्याच्या पिवळट उन्हात त्याच्याशेजारी खुर्ची टाकून बसतात. आमच्या डोक्यावरून विमानं इतकी खालून जातात की बोलणं ऐकू येत नाही. विमान आलं की काका अर्ध्या शब्दावर थांबतात, आवाज विरेपर्यंत धुक्यात बघत राहतात आणि उरलेल्या अर्ध्या शब्दापासून पुन्हा सुरू करतात. त्यांच्याजवळ बसलं की माझ्यासारख्या तोंडाळ बाईलाही गुंगी येते. एकदा मी विचारलं, "तो भुंगा इथे दिल्लीत येणार आहे का हो?" म्हणाले, "नाही. तूर्तास नाही."

माझी मुलगी मही हिचा दिल्लीत जन्म. तिला 'सुरकुती' हा शब्द माहीत नव्हता, पण काकांच्या कृपेने रायसोडिडी पाठ! साताऱ्याच्या आजीला व्हिडिओ कॉलवर म्हणाली, "आजी, तुझ्या गालावर कित्ती रायसोडिडी आहेत!" सासूबाईंना वाटलं काही रोगबिग झालाय, त्या आरशाकडे धावल्या. मी कपाळाला हात लावला. काकांना सांगितलं तर त्यांना वेगळंच दुःख झालं. "चूक आहे. गालाला ते नाव लावता येत नाही. ते अख्ख्या कुळाचं नाव आहे."

आणि त्या कुळावरच संकट आलंय. बाहेरच्या काही विद्वानांनी ठरवलं, की हे वेगळं कुळ मानायचंच नाही, जमिनीवर धावणाऱ्या भुंग्यांच्या मोठ्या कुळात याला ढकलून द्यायचं. काही जण अजून जुनंच नाव वापरतात, काका त्यांतले. एकदा गेटवर भाजीवाल्यासमोरच त्यांचा बांध फुटला. "भैया, पूरा ख़ानदान ही ख़ारिज कर दिया!" भाजीवाल्याने मटार तोलता तोलता मान हलवली. "अच्छा वकील कर लो, बाबूजी."

आता मूळ भानगडीकडे येते. कमिटीने ठराव केला, की प्रत्येक दारावर एकसारखी करडी स्टीलची पाटी लागेल. आमचे प्रेसिडेंट अरोराजी यांनी वर तोंडी हुकूम सोडला, "पुरानी सब उतरवा दो, मैडम." सगळ्यांनी उतरवली. राहिले फक्त करमळकर. त्यांच्या दारावर एक लाकडी पाटी आहे, पांढऱ्या ऑइलपेंटने हाताने रंगवलेली: 'नलिनी आणि विष्णू करमळकर'. 'विष्णू' लिहिताना जागा संपली म्हणून 'करमळकर' खाली उतरलंय. नलिनीकाकू मी येण्याच्या वर्षभर आधी गेल्या. मी त्यांना पाहिलेलंही नाही.

मी नवी पाटी घेऊन गेले, तर काकांनी दारातूनच सांगितलं, "ही निघणार नाही." मी समजावलं, चिडले, नियम दाखवला. त्यांचं एकच. शेवटी अरोराजी म्हणाले, रविवारी सुतार पाठवून मीच काढतो. मग शनिवारी दुपारी मी पुन्हा वर गेले. तणतणतच गेले, खोटं कशाला सांगू. म्हटलं, "काका, एक पाटी ती काय! कशाला हा हट्ट? उद्या तो सुतार येऊन उचकटेल, चांगलं दिसेल का?"

काका आत गेले आणि एक लाकडी पेटी घेऊन आले. काचेखाली एकच टाचणी. टाचणीवर कागदाचा छोटा त्रिकोण, त्याच्या टोकाला चिकटवलेला तो सुरकुतलेला भुंगा, आणि त्याच्या खाली एकाखाली एक चार चिठ्ठ्या. त्यांनी माझ्या हातात भिंग दिलं.

"सगळ्यात वरची वाचा."

मी वाचली. 'आंबोली. पडलेला ओंडका, सालीखाली. शोधणारी: न. करमळकर.'

"लग्नानंतर पहिल्यांदा फिरायला गेलो होतो," काका म्हणाले. "मी दिवसभर सालं उचकटत होतो. ही कंटाळून एका ओंडक्यावर बसली, आणि हिच्या बोटावर हा चढला. नावाचा अर्थ सांगितला तर म्हणाली, म्हणजे म्हातारपणी आपण दोघं रायसोडिडी होणार! मी म्हटलं, नाव असं वापरत नाहीत. तिने जन्मभर वापरलं. चुरगळलेला सदरा, सुकलेला आवळा, सगळं रायसोडिडी."

"आणि या खालच्या चिठ्ठ्या?"

"जसजसं कोणी नवं मत देईल तसतशी नवी चिठ्ठी. ही शेवटची, कुळ मोडल्याची. मला मान्य नाही, तरी मीच लावली. नवी खाली लावायची असते. पण टाचणीवरची जुनी कधी काढायची नाही, सेक्रेटरीबाई. वरची काढली तर हा कुठला, कोणाला सापडला, काही कळणार नाही. मग तो नुसता एक मेलेला किडा." ते दाराकडे वळले. "हे घर मला नाही सापडलं. मी ऑफिसात भुंग्यांत होतो. तिने एकटीने द्वारका पालथी घातली, घर शोधलं आणि पहिल्या दिवशी ती पाटी रंगवली."

विमान आलं. काका थांबले. ते गेल्यावर म्हणाले, "ती गेली तेव्हा हॉस्पिटलात फॉर्म दिला. ओळख पटवणाऱ्याने नाव लिहून सही करायची. मी तिचं नाव लिहिलं आणि सवयीने पुढे प्रश्नचिन्ह टाकलं. खिडकीतला मुलगा हळूच म्हणाला, पक्का नहीं है क्या, अंकल? मी म्हटलं, नहीं है." त्यांनी पेटी बंद केली. "अजून नाहीये."

मला रडू आलं. सरळ सांगते, पदर लावून रडले मी, आणि ज्या बाईला कधी पाहिलं नाही तिच्यासाठी रडले. काका बिचारे गडबडून 'जिरे?' असं लिहिलेली बरणी घेऊन आले, म्हणे जिऱ्याचं पाणी देऊ का.

रविवारी सुताराबरोबर मीच वर गेले. जुनी पाटी जागची हलवू दिली नाही. तिच्याखाली बोटभर जागा सोडून करडी पाटी लावून घेतली. अरोराजी धापा टाकत आले. "मैडम, ये क्या है?"

"ठराव मैंने ही टाइप किया है, अरोराजी. लिखा है, नई पाटी लगेगी. लग गई. पुरानी उतारने का एक शब्द नहीं है उसमें. चाहिए तो मीटिंग बुलाओ, मैं बोलूँगी वहाँ."

अरोराजींनी ते खाली उतरलेलं 'करमळकर' बराच वेळ पाहिलं. मग "चलो, ठीक है जी," म्हणून लिफ्टकडे गेले.

काका दारात उभे होते. नव्या पाटीवरून त्यांनी एकदा बोट फिरवलं, आत गेले आणि पाहुण्यांच्या चिठ्ठ्यांचा डबा घेऊन आले. तिथेही प्रत्येक चिठ्ठी टाचणीवर! माझी जुनी चिठ्ठी होती तशीच होती, 'सेक्रेटरी?' सकट. तिच्याखाली आता एक नवी होती, शाई अजून ओली. मी काकांचं भिंग घेऊन वाचलं. 'घरची. खात्री केली: वि. करमळकर.'

"काका," मी म्हटलं, "तूर्तास लिहायचं राहिलं."

"राहिलं नाही," काका म्हणाले.